बिबट्या : स्वभाव, संसार आणि शेजार

(हीरक महोत्सवी वर्षात माजी विद्यार्थी व पालक यांच्यासमोर झालेल्या व्याख्यानाचा मजकूर)



आनेकल या गावाच्या नावातच एक वन्यप्राणी वस्तीला आहे. कानडीत ‘आने’ म्हणजे हत्ती आणि ‘कल्लु’ म्हणजे दगड. ज्या तालुक्याच्या नावात हत्ती आहे, त्याच्या पश्चिमेला बन्नेरघट्टा राष्ट्रीय उद्यान पसरलेले आहे. १९७४ साली स्थापन झालेल्या या उद्यानाचे क्षेत्र आज सुमारे २६० चौरस किलोमीटर आहे. दक्षिणेकडे ते कावेरी वन्यजीव अभयारण्याशी आणि तमिळनाडूतील होसूर-थळीच्या रानांशी जोडले गेले आहे. बंगळुरू महानगराच्या उंबरठ्यापासून कावेरीच्या काठापर्यंत हा हिरवा पट्टा जातो, आणि त्याच्या कडेला आनेकलची नाचणीची शेते, तुतीचे मळे, दगडाच्या खाणी, जिगणी-बोम्मसंद्र्याचे कारखाने आणि नव्या वसाहती एकमेकींना खेटून उभ्या आहेत.

हत्ती शेतात आला की सर्व गावाला कळते. परंतु याच रानात आणखी एक रहिवासी आहे, जो रोज रात्री गावाच्या कडेने जाऊनही कोणाला दिसत नाही. तो म्हणजे बिबट्या. आजच्या व्याख्यानाचा विषय तोच आहे. कारण या परिसरातील प्रत्येक पालकाच्या मनात त्याच्याविषयी एक प्रश्न असतो, आणि तो प्रश्न मुलांच्या सुरक्षिततेचा असल्यामुळे त्याचे उत्तर ऐकीव गोष्टींवर सोडून देता येत नाही.

प्रथम नावाचा घोळ दूर करणे आवश्यक आहे. मराठीत ज्याला बिबट्या किंवा बिबळ्या म्हणतात, त्याला कानडीत ‘चिरते’ आणि हिंदीत ‘तेंदुआ’ म्हणतात. संस्कृतात त्याला ‘द्वीपी’ असे नाव आहे. घरी मराठी आणि रस्त्यावर कानडी बोलणारी इथली मुले ‘चिरते’ ऐकून सहजच ‘चित्ता’ म्हणू लागतात. चित्ता हा निराळा प्राणी. त्याच्या अंगावर भरीव गोल ठिपके असतात आणि डोळ्यांपासून तोंडापर्यंत काळी रेघ उतरलेली असते. भारतातून तो नामशेष झाल्याचे १९५२ साली जाहीर झाले आणि २०२२ साली नामिबियातून आणलेले चित्ते मध्य प्रदेशातील कुनोच्या रानात सोडण्यात आले. बिबट्याच्या अंगावरचे ठिपके भरीव नसतात. लहान लहान काळ्या डागांची फुलासारखी वर्तुळे त्याच्या पाठीवर व कुशीवर उमटलेली असतात. कोणत्याही दोन बिबट्यांचे हे नक्षीकाम सारखे नसते. माणसाच्या बोटांचे ठसे जसे त्याची ओळख पटवतात, तशी ही नक्षी बिबट्याची ओळख पटवते. रानवाटांवर बसविलेल्या स्वयंचलित कॅमेऱ्यांच्या छायाचित्रांवरून अभ्यासक बिबट्यांची गणना करतात, ती याच आधारावर. काळा बिबट्या म्हणजेही वेगळी जात नव्हे. त्याच्या कातडीत काळे रंगद्रव्य अधिक असते इतकेच; उन्हात नीट पाहिले, तर त्याच काळ्या अंगावर तीच वर्तुळे दिसतात.

वाघ, सिंह आणि बिबट्या ही एकाच कुळातील भावंडे. त्यांत बिबट्या अंगाने लहान. पूर्ण वाढलेला नर साधारणतः ५० ते ७० किलोंचा, तर मादी ३० ते ४५ किलोंची असते. परंतु या लहानपणातच त्याचे सामर्थ्य साठलेले आहे. मोठ्या देहाला मोठी शिकार लागते आणि मोठ्या शिकारीला मोठे रान लागते. बिबट्याचे तसे नाही. चितळ, भेकर, रानडुक्कर, वानर, ससा, साळिंदर, मोर यांपैकी जे मिळेल त्यावर तो निर्वाह करतो आणि काहीच न मिळाल्यास उंदीर-घुशींवरही दिवस काढतो. खांद्याचे आणि मानेचे स्नायू इतके बळकट, की स्वतःच्या वजनाइतकी शिकार तोंडात धरून तो झाडावर चढतो. नखे पंजाच्या आत ओढून घेता येत असल्यामुळे चालताना त्याच्या पावलांचा आवाज होत नाही. डोळ्यांच्या पडद्यामागे प्रकाश परावर्तित करणारा थर असतो. त्यामुळे अंधुक उजेडातही त्याला दिसते आणि विजेरीच्या झोतात त्याचे डोळे चमकतात. रानाच्या कडेला राहणाऱ्यांनी त्याची हाक अनेकदा ऐकलेली असते. पण ती डरकाळीसारखी नसल्यामुळे ओळखली जात नाही. लाकडावर करवत चालवावी तसा खरखरता, ठेक्यात येणारा तो आवाज असतो.

बिबट्या एकटा राहतो, परंतु बेवारस फिरत नाही. प्रत्येक प्रौढ बिबट्याचा स्वतःचा इलाखा ठरलेला असतो. झाडाच्या खोडावर नखांचे ओरखडे, वाटेवर मूत्राचे फवारे, रात्रीची हाक या खुणांनी तो आपली हद्द सांगत असतो. एका नराच्या मोठ्या इलाख्यात दोन-तीन माद्यांचे लहान इलाखे असू शकतात. सुमारे तीन महिन्यांच्या गर्भधारणेनंतर मादी बहुधा दोन किंवा तीन पिलांना जन्म देते. पिलांचे डोळे आठ-दहा दिवसांनी उघडतात. त्यांना कपारीत किंवा दाट झुडपात लपवून आई शिकारीला जाते. पुढे दीड ते दोन वर्षे पिले आईच्या मागे राहून शिकार करणे, लपणे आणि माणसाला टाळणे शिकतात. हे तिसरे शिक्षण सर्वांत महत्त्वाचे. त्यानंतर तरुण बिबट्याला, विशेषतः नराला, स्वतःचा इलाखा शोधत बाहेर पडावे लागते. शहराच्या कडेला अचानक दिसणारा बिबट्या पुष्कळदा असा घर शोधणारा तरुण असतो.

या इलाख्याच्या व्यवस्थेत पुढील सर्व विवेचनाचे मर्म आहे. ती समजली नाही, तर माणूस हिताच्या हेतूने अहित करतो. जुन्नरचा अनुभव याची साक्ष देतो.

पुणे जिल्ह्यातील जुन्नर आणि त्याला लागून असलेल्या अहमदनगर, आताच्या अहिल्यानगर, जिल्ह्यातील अकोले हे धरणाच्या पाण्यावर बागायती झालेले तालुके. उसाचे पीक वर्षभर उभे राहते. बिबट्याच्या दृष्टीने तो उंच गवताचा रानपट्टाच होय. पाणी, आडोसा आणि वस्तीवरची कुत्री-शेळ्या अशी तिन्ही सोय एकाच ठिकाणी. या शतकाच्या प्रारंभी जुन्नर परिसरात शंभरावर बिबटे पिंजऱ्यात धरून दूरच्या रानांत नेऊन सोडण्यात आले. हेतू शुद्ध होता : गावेही सुरक्षित राहावीत आणि प्राणीही. परिणाम उलटा झाला. डॉ. विद्या अत्रेय आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०११ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासानुसार स्थलांतरापूर्वी त्या भागात माणसांवर वर्षाला सरासरी ४ हल्ले होत असत. स्थलांतराच्या काळात ती सरासरी १७ वर गेली. परक्या मुलखात सोडलेला प्राणी भांबावतो, घराकडे परतू पाहतो आणि वाटेत अनोळखी वस्त्यांत शिरतो. ज्या इलाख्यातून त्याला काढले, तो रिकामा राहत नाही. तिथे दुसरा, बहुधा अननुभवी बिबट्या येतो. जुना रहिवासी गावाच्या वेळा आणि वाटा जाणत होता, नव्याला त्या ठाऊक नसतात.

परतीच्या या ओढीचे उदाहरण म्हणजे ‘आजोबा’. २००९ साली टाकळी ढोकेश्वर येथे विहिरीत पडलेल्या एका प्रौढ नराला बाहेर काढण्यात आले. त्याच्या गळ्यात उपग्रहाशी संपर्क राखणारा पट्टा बांधून त्याला माळशेज घाटाजवळ सोडले. वयामुळे त्याला आजोबा हे नाव मिळाले. पुढील काही आठवड्यांत तो घाट उतरला, लोहमार्ग आणि महामार्ग ओलांडले, खाडी पार केली आणि सुमारे १२० किलोमीटरचा प्रवास करून मुंबईच्या संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाच्या परिसरात पोहोचला. माणसांनी गजबजलेल्या मुलखातून झालेल्या या संपूर्ण प्रवासात त्याने एकाही माणसाला इजा केली नाही. २०११ साली रस्त्यावर वाहनाच्या धडकेने त्याचा अंत झाला. त्याच्यावर २०१४ साली मराठी चित्रपटही निघाला, तो अनेकांनी पाहिला असेल.

अकोल्याच्या अभ्यासाने आणखी एक गोष्ट उजेडात आणली. दर चौरस किलोमीटरमध्ये तीनशेहून अधिक माणसे राहतात अशा त्या शेतीच्या मुलखात १०० चौरस किलोमीटरमागे सुमारे ५ प्रौढ बिबटे आढळले. त्यांच्या आहारात ८७ टक्के वाटा पाळीव प्राण्यांचा होता, आणि त्यात सर्वाधिक म्हणजे ३९ टक्के कुत्र्यांचा. शेळ्यांचा वाटा ११ टक्के. म्हणजे बिबट्या गावाकडे येतो तो माणसासाठी नव्हे. गावाच्या कडेला टाकलेला कचरा, खाटिकखान्याची घाण, कोंबड्यांचे अवशेष यांवर भटकी कुत्री पोसली जातात आणि कुत्र्यांमागे बिबट्या येतो. ही साखळी कचऱ्यापाशी सुरू होते.

याच साखळीची दुसरी बाजू मुंबईत दिसली. सुमारे १०४ चौरस किलोमीटरच्या संजय गांधी उद्यानात आणि त्याच्या कडेला २०१५ च्या पहिल्या शास्त्रीय गणनेत ३५ बिबटे नोंदले गेले. २०१८ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासाचा अंदाज असा, की तेथील बिबटे भटक्या कुत्र्यांची संख्या आटोक्यात ठेवून वर्षाला सुमारे हजार माणसांना होणारे श्वानदंश आणि रेबीजने होणारे ९० च्या आसपास मृत्यू टाळतात. ज्या प्राण्याला माणूस भितो, तोच न कळत त्याची राखण करतो.

रानात तर त्याचे कार्य याहून व्यापक आहे. बन्नेरघट्ट्यात वाघ तुरळक. तेथे तृणभक्षकांवर अंकुश ठेवण्याचे काम मुख्यतः बिबट्याकडे आणि रानकुत्र्यांकडे येते. चितळ, रानडुकरे, वानरे यांची संख्या बेसुमार वाढली, तर कोवळी रोपे उरत नाहीत, रान विरळ होते आणि रानडुकरांचा भार शेवटी शेतकऱ्याच्या पिकावर पडतो. महाभारताच्या उद्योगपर्वात विदुराने धृतराष्ट्राला वन आणि वाघ यांचे नाते समजावून सांगितले आहे : एकावाचून दुसऱ्याचे रक्षण होत नाही. राजनीतीसाठी दिलेला तो दृष्टान्त आजच्या परिसरशास्त्राने अक्षरशः खरा ठरविला.

अमेरिकेत बिबट्याच्या जागी उभा असलेला प्राणी म्हणजे प्यूमा, ज्याला तिकडे कूगर किंवा पर्वतसिंह असेही म्हणतात. कॅनडापासून दक्षिण अमेरिकेच्या टोकापर्यंत तो आढळतो. अंगावर ठिपके नाहीत, डरकाळी फोडता येत नाही, मांजरासारखा गुरगुरतो. परंतु एकांतप्रिय स्वभाव, इलाख्याची शिस्त आणि दबा धरून शिकार करण्याची रीत मात्र बिबट्याचीच. त्याने मारलेल्या हरणांच्या अवशेषांचा अभ्यास यलोस्टोनजवळच्या रानात झाला, तेव्हा त्यांवर भुंग्यांच्या २१५ जाती आढळल्या. एका शिकाऱ्याच्या ताटावर इतकी पंगत जेवत असते. लॉस एंजेलिस शहरात ‘पी-२२’ या नावाने नोंदलेला एक प्यूमा दोन महामार्ग ओलांडून ग्रिफिथ उद्यानात आला आणि २०१२ ते २०२२ अशी दहा वर्षे लोकवस्तीच्या वेढ्यात राहिला. परतीची वाट नसल्यामुळे त्याला जोडीदार मिळाला नाही. त्याच्यासारख्यांसाठी त्या शहराजवळ दहा पदरी महामार्गावर झाडे-झुडपे लावलेला प्राणिसेतू बांधण्याचे काम २०२२ साली सुरू झाले. तुटलेले रान जोडण्यासाठी किती खर्च येतो, हे त्या पुलाकडे पाहून समजते. बन्नेरघट्ट्याचे रान कावेरीपर्यंत अजून जोडलेले आहे. ते तसेच राखणे पुलापेक्षा पुष्कळ स्वस्त आहे.

आता आनेकलकडे वळू या. या मुलखाची बिबट्याशी ओळख जुनी आहे आणि ती सर्वस्वी गोडही नाही. बंगळुरूचे शिकारी व लेखक केनेथ अँडरसन यांनी १९५४ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या पुस्तकात थळीच्या बाजूच्या गुम्मलापूर येथील नरभक्षक बिबट्याची हकीकत दिली आहे. त्याने ४२ बळी घेतल्याची त्यांची नोंद आहे. अलीकडच्या घटना सर्वांच्या स्मरणात असतील. २०१६ च्या फेब्रुवारीत बंगळुरूच्या पूर्वेकडील एका शाळेत रविवारी बिबट्या शिरला. सुट्टी असल्याने मुले नव्हती. परंतु त्याला पकडताना काही जण जखमी झाले. २०२३ साली कूडलू गेट परिसरात आलेला बिबट्या पकडण्याच्या प्रयत्नात गोळी लागून मेला. होळेमत्ती नेचर फाउंडेशन या संस्थेने केलेल्या कॅमेरा सर्वेक्षणानुसार बंगळुरूच्या परिघावर ८० ते ८५ मुक्त बिबटे आहेत आणि त्यांतील निम्म्याहून अधिक बन्नेरघट्टा उद्यानात आहेत. एवढे शेजारी असूनही वर्षाकाठी घटना मोजक्याच घडतात, यावरून तो प्राणी माणसाला किती कसोशीने टाळतो हे ध्यानात यावे.

तरीही पालकांच्या भीतीला निराधार म्हणणे अन्यायाचे होईल. २०२५ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये शिरूर तालुक्यातील पिंपरखेड-जांबुत परिसरात काही आठवड्यांतच तिघांचे प्राण बिबट्याच्या हल्ल्यात गेले. त्यांत दोन मुले होती. ज्या घरातील मूल गेले, त्या घराला परिसरशास्त्राचा सिद्धान्त सांगून सांत्वन होत नाही. माणसावर वारंवार हल्ला करणाऱ्या बिबट्याचा बंदोबस्त शासनाने केलाच पाहिजे. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यात बिबट्याला सर्वोच्च संरक्षण असले, तरी मानवी जीवितास धोकादायक ठरलेल्या प्राण्याबाबत त्यात तरतूद आहे. पण केवळ दिसला म्हणून धरावा, ही मागणी निराळी आहे. गावाच्या कडेने शांतपणे जाणारा, माणसाला ओळखणारा बिबट्या पिंजऱ्यात गेला, तर त्याच्या जागी कोण येईल हे कोणालाच ठाऊक नसते. जुन्नरने हा धडा मोठ्या किमतीत शिकवला आहे. तो आनेकलने पुन्हा शिकण्याचे कारण नाही.

मुंबईने दुसरा मार्ग दाखविला. २००४ साली तेथे बिबट्याच्या हल्ल्यांत अनेकांचे प्राण गेले होते. २०११ पासून वनखाते, अभ्यासक, नागरिक आणि वृत्तपत्रे यांनी एकत्र येऊन वस्त्या-वस्त्यांत जागृतीचे काम आरंभले. त्याच उद्यानातील वारली पाड्यांवर वाघोबाची पूजा पिढ्यानपिढ्या होत आली आहे. त्या देवाला नैवेद्य दाखवताना त्याचा मान राखावा आणि त्याच्यापासून अंतरही राखावे, अशी दुहेरी शिकवण त्या पूजेत आहे. इकडे कावेरीच्या बाजूला मले महादेश्वराचे वाहन वाघच आहे. भाषा बदलली, तरी शहाणपण बदललेले नाही.

हे शहाणपण घराघरांत आणि शाळेत कसे उतरावे, याविषयी काही ठोस गोष्टी. सूर्यास्तानंतर रानाच्या कडेच्या वाटेने मुलांना एकटे पाठवू नये. मोठ्या माणसासोबत, घोळक्याने, बोलत, विजेरी घेऊन जावे. बिबट्या उंचीवरून सावजाचा अंदाज घेतो. बसलेले किंवा वाकलेले माणूस आणि लहान मूल त्याला लहान प्राण्यासारखे भासते. म्हणून अंधारात उघड्यावर बसणे टाळावे आणि घरोघरी शौचालय असावे. शेळ्या-वासरे रात्री वरून बंद असलेल्या गोठ्यात बांधावीत. कचरा आणि मांसाचे अवशेष उघड्यावर टाकू नयेत. बिबट्या समोर आलाच, तर पळू नये, खाली वाकू नये. मुलाला उचलून घ्यावे, मोठ्याने आवाज करावा, नजर न काढता हळूहळू मागे सरावे. तो कोठे अडकला असेल, तर गर्दी करू नये, दगड मारू नयेत, भ्रमणध्वनीवर छायाचित्र घेण्यासाठी जवळ जाऊ नये. वनखात्याला कळवावे आणि त्याला जाण्यास वाट मोकळी ठेवावी. अनेक दुर्घटना बिबट्यामुळे नव्हे, तर त्याला घेरणाऱ्या जमावामुळे घडल्या आहेत. शेतात किंवा झुडपात पिले आढळली, तर त्यांना घरी आणू नये. जुन्नरकडे ऊसतोडीत सापडलेली पिले वनखाते तपासून पुन्हा त्याच जागी ठेवते आणि रात्री आई येऊन त्यांना घेऊन जाते.

आणखी एक गोष्ट केवळ घराची नाही, नागरिक म्हणून कर्तव्याची आहे. बन्नेरघट्टा उद्यानाभोवतीच्या संवेदनशील पट्ट्याचा २०१६ सालचा मसुदा सुमारे २६९ चौरस किलोमीटरचा होता. २०२० च्या अंतिम अधिसूचनेत तो सुमारे १६९ चौरस किलोमीटर उरला. वगळला गेलेला पट्टा नकाशावर शंभर चौरस किलोमीटरचा, पण बिबट्याच्या आणि हत्तीच्या दृष्टीने तो गावात न शिरता जाण्याचा रस्ता होता. रान आकसले, की शेजार दाटतो आणि दाटलेल्या शेजारात सर्वाधिक धोका दोन्हीकडच्या पिलांनाच असतो. या शाळेतून शिकून गेलेले अनेक जण आज बांधकाम, उद्योग, प्रशासन अशा क्षेत्रांत निर्णयाच्या जागी आहेत. एखाद्या वसाहतीचा आराखडा, एखाद्या रस्त्याची आखणी, एखाद्या पंचायतीची कचऱ्याची व्यवस्था त्यांच्या सहीने ठरते. त्या सहीपूर्वी नकाशावर रानाची कड कोठे आहे, एवढे पाहिले, तरी पुष्कळ साधेल.

शाळेच्या साठ वर्षांत गावाची शीव कितीतरी पुढे सरकली. बिबट्याचा इलाखा मात्र त्याच्या ओरखड्यांनी आणि हाकेने तो आजही रोज नव्याने आखत असतो. मुलांना या दोन्ही हद्दी वाचता याव्यात, त्यांच्या मनात भयाऐवजी माहिती आणि कुतूहलाबरोबर सावधपणा असावा, ही जबाबदारी शाळेइतकीच घराचीही आहे. पुढील पिढीतील एखाद्या मुलाने संध्याकाळी तो करवतीसारखा आवाज ऐकला, तर त्याने धाकट्या भावंडाचा हात धरून शांतपणे घरात यावे, दार लावावे आणि सकाळी वर्गात तो आवाज कसा होता ते सांगावे. इतके झाले, तर या शिक्षणाचे सार्थक झाले असे समजावे.